मामांचा दगडावरचा सोयरा

माझ्या मामेसासऱ्यांइतका हट्टी माणूस नर्मदेच्या या तीरावर झालेला नाही, आणि पलीकडच्या तीरावर एखादा सापडलाच तर चौकशीअंती तो त्यांच्याच घराण्यातला निघेल. हट्टी माणसं आपण सगळ्यांनीच पाहिलेली असतात. ती आवाज चढवतात, जेवण सोडतात, दार आपटून निघून जातात. मामांचं तसं काहीच नाही. ते हसून "बरोबर आहे तुमचं" म्हणतात, चहा शेवटच्या घोटापर्यंत पितात, कप हलकेच खाली ठेवतात आणि मग स्वतःला जे करायचं असतं तेच करतात. माझ्या बायकोचे हे थोरले मामा. त्यांचे वडील गिरणीत कारकून म्हणून इंदूरला आले, परदेशीपुऱ्यात दोन खोल्या घेतल्या, आणि त्याच दोन खोल्यांत मामा आज एकोणऐंशीव्या वर्षीही राहतात. उभी हयात सरकारी रस्तेखात्यात सर्व्हेच्या टोळीत गेली. निवृत्त होऊन एकोणीस वर्षं झाली, पण शर्टाच्या खिशातलं पितळी कर्कटक आणि सहा इंची पोलादी पट्टी काही निवृत्त झाली नाही. घरातून बाहेर पडताना बाकीचे लोक किल्ली, पाकीट आणि मोबाईल चाचपून बघतात. मामा कर्कटक आणि पट्टी चाचपतात, आणि किल्ली आत विसरतात.

मी मुलगी बघायला गेलो होतो तेव्हाची गोष्ट. मुलीकडच्या मंडळींचे पगार, पत्रिका, गाव असले प्रश्न विचारून झाले. कोपऱ्यात बसलेले मामा तोवर गप्प होते. मग त्यांनी विचारलं, "खोली दहा बाय बारा आहे म्हणालात. ते भिंतीच्या आतून की बाहेरून?" मला सांगता येईना. मामांनी मान हलवली, पण होकार दिला. मुलगा अडाणी असला तरी खोटं बोलत नाही, असं त्यांनी आत जाऊन सांगितल्याचं मला लग्नानंतर कळलं. रविवारी सकाळी पोहे-जलेबी खायला गेले तर जलेबी आधी कर्कटकात धरतात आणि दुकानदाराला प्रेमाने म्हणतात, "भिया, पिछले हफ्ते से आधा सूत पतली आ री है." दुकानदार गेली पंधरा वर्षं त्यांच्यासाठी एक जलेबी वेगळी, जाड सोडतो. मामांना हे माहीत नाही. आपल्या सांगण्याने संपूर्ण दुकानाचा दर्जा टिकून आहे, असं त्यांना वाटतं.

पण हा झाला वरवरचा मामा. त्यांचा खरा जीव अडकला आहे तो मानपूरच्या पुढे, जुन्या घाटरस्त्याखालच्या सागाच्या जंगलात, एका नाल्याकाठच्या काळ्या दगडावर. मामा पंचेचाळीस वर्षांचे असताना त्यांची टोळी त्या रस्त्याची मोजणी करत होती. उंचीची खूण म्हणून मामांनी त्या दगडावर छन्नीने एक फुली कोरली. सवयीप्रमाणे आसपास जे दिसलं ते वहीत उतरवलं, त्यात एक ओळ अशी होती: फुलीपासून एकतीस मिलिमीटरवर पिवळट-राखाडी ठिपका, बंद्या रुपयाएवढा. तीन वर्षांनी खूण तपासायला पुन्हा गेले तेव्हा अंतर साडेएकोणतीस भरलं. दुसरा कोणी असता तर मागच्या वेळी चुकलं म्हणून त्याने सोडून दिलं असतं. मामांचं माप चुकणं शक्यच नव्हतं. "दगड सरकत नाही, फुली सरकत नाही," ते मला सांगतात, "मतलब काय, तो सरकला!" त्या दिवसापासून दर रंगपंचमीला मामा त्या दगडापाशी जाऊ लागले. सगळं इंदूर गेरच्या मिरवणुकीत रंगून निघत असतं, टँकरमधून रंगाचे फवारे चौथ्या मजल्यापर्यंत उडत असतात, आणि मामा पांढराशुभ्र शर्ट घालून स्कूटरवरून घाटाकडे निघालेले असतात. वर्षाला अर्धा मिलिमीटर. तो ठिपका एक दिवस फुलीला येऊन टेकणार, आणि तेव्हा आपण तिथे हजर असणार, एवढी एकच महत्त्वाकांक्षा या माणसाने आयुष्यात धरली. तेव्हा मामांचं वय एकशे सात असेल, हे मी एकदा हिशोब करून दाखवलं. मामा म्हणाले, "बरोबर आहे तुमचं."

त्या ठिपक्याला डाग म्हटलेलं त्यांना चालत नाही. ते त्याला लायकेन म्हणतात. मराठीत शैवाक म्हणतात हेही त्यांनीच मला सांगितलं. एखाद्या गृहिणीला सांगताना तिला चटकन कळावं म्हणून ते पुढे जोडतात, "आपल्या मसाल्यातलं दगडफूल असतं ना, त्याचा चुलतभाऊ. फक्त ते उचलून घेता येतं, आणि हा दगडाला चिकटला तो चिकटला. नखानेसुद्धा निघत नाही." बुरशी आणि शेवाळ असे दोघं मिळून तो बनलेला असतो. बुरशी घर बांधते, दगडाला धरून ठेवते, पाणी साठवते. शेवाळ उन्हावर स्वयंपाक करतं. हे ज्ञान मामा कुठल्याही लग्नात स्टेजवर चढून वधूवरांना देतात. मागे आहेराची पाकिटं घेतलेल्या लोकांची रांग खोळंबते, फोटोवाला "दादाजी, इधर देखिए" म्हणून थकतो, आणि नवरदेवाला कळत नाही की आपण यातले बुरशी की शेवाळ. त्या लायकेनची नेमकी जात कोणती, हे मात्र मामांनी कधी शोधलं नाही. त्यासाठी छन्नी लावून तुकडा काढावा लागतो, शहरातल्या तज्ज्ञाकडे पाठवावा लागतो. "नावासाठी त्याला इजा कशाला?" ते म्हणतात. "मी रोज भेटणाऱ्या कितीतरी लोकांची नावं विसरलोय."

दगडफूल घातलेला मसाला ते खात नाहीत. मामी होती तोवर तिने एकदा मुद्दाम न सांगता आमटीत घातला. मामांनी वास घेतला आणि ताट सरकवलं. "ज्याला इतकी वर्षं भेटायला जातोय, त्याच्या नातेवाइकाची आमटी मी खाऊ?" मामी म्हणाली, "माझ्या माहेरच्यांना कधी एवढं मानलं नाही तुम्ही." विजय नगरात आमच्या शेजारी छान लिफ्टचा फ्लॅट रिकामा झाला तेव्हा मी त्यांना बघायला घेऊन आलो. मामांनी फ्लॅट पाहिलाच नाही. खाली उतरून ते तासभर झाडांचे बुंधे आणि कुंपणाचे दगड निरखत फिरले, आणि आल्यावर म्हणाले, "एकही लायकेन नाही तुमच्या एरियात. त्याला चांगली हवा लागते. जिथे तो राहायला तयार नाही, तिथे मी कसा राहू?" एवढं बोलून ते परदेशीपुऱ्यात परत गेले. तिथेही एकही लायकेन नाही, हे मी त्यांच्या लक्षात आणून दिलं नाही.

आता मापाची पद्धत सांगितली पाहिजे, कारण सगळं प्रकरण तिथेच येऊन अडलं. माप एकट्याने घ्यायचं नाही, असा मामांचा सर्व्हेतला नियम. आधी एकाने कर्कटक लावायचं, पट्टीवर धरायचं, आकडा कोणाला न सांगता चिठ्ठीवर लिहायचा. तोवर पाठ फिरवून उभ्या राहिलेल्या दुसऱ्याने मग वळून तेच करायचं. दोन्ही आकडे जुळले तरच वहीत दोन रकान्यांत दोन सह्यांनी उतरवायचे. "एकट्याने वाचलं तर ते मत असतं," मामा म्हणतात, "दोघांनी वाचलं की माप होतं." हा दुसरा रकाना मामीचा. स्कूटरच्या मागे पोह्यांचा डबा मांडीवर घेऊन ती दर रंगपंचमीला जायची. डोळे मामांपेक्षा तिचेच चांगले होते. दोनदा आकडे जुळले नाहीत, आणि दोन्ही वेळा मामा चुकले होते, असं ती आम्हाला आठवणीने सांगायची. सहा वर्षांपूर्वी मामी गेली. पुढची रंगपंचमी आली तेव्हा मामांनी मला फोन केला, "जावईबापू, जरा येता का? अर्ध्या दिवसाचं काम आहे." मी बँकेत होतो, मार्चएंड होता, खरंच शक्य नव्हतं. त्या वर्षी मामांनी एकट्याने माप घेतलं आणि दुसरा रकाना कोरा सोडला. पुढच्या वर्षी पुन्हा फोन आला. मी पुन्हा मार्चएंड सांगितला. तिसऱ्या आणि चौथ्या वर्षी मी निवृत्त झालेलो होतो आणि तरीही मार्चएंडच सांगितला. मामा दर वेळी म्हणाले, "बरोबर आहे तुमचं." एका दगडासाठी सणाचा दिवस कशाला घालवायचा, असं मला वाटत होतं. ते लपवण्यात आता अर्थ नाही.

निवृत्तीनंतर मी सकाळी फिरणाऱ्यांच्या एका ग्रुपात सामील झालो. इंदूरचे लोक निवृत्त झाले की त्यांना सफाईचं वेड लागतं. घरासमोरचा रस्ता झाडून झाला, चौक झाडून झाला, की हात शिवशिवायला लागतात. गेल्या वर्षी होळीच्या आधी आमच्या ग्रुपने ठरवलं की सहलीच्या जागी दगडांवर लोक ऑइलपेंटने आपली आणि आपल्या प्रेयसीची नावं लिहितात, ती घासून काढायची. तारेचे ब्रश, थिनरचे डबे, हातमोजे आणि समोसे घेऊन आम्ही चौदा जण तीन गाड्यांतून घाटात पोचलो. मी कुठल्याशा राहुलचं नाव घासत होतो. ह्रस्व-दीर्घासकट राहुल निघाला. बदाम निघाला. बाणही निघाला. बाजूला तळहाताएवढा एक पिवळट-राखाडी पापुद्रा होता. आमचे लीडर मागून म्हणाले, "भिया, ये भी घिस दो, पेंट का छींटा लग रिया है." मी घासला. निघता निघेना. मला चेव आला. दोन्ही हातांनी ब्रश धरून, थिनर ओतून मी पाच मिनिटं जोर लावला तेव्हा कुठे त्याची एक बाजू साफ झाली. तेवढ्यात समोसे निघाले म्हणून मी थांबलो. उरलेला भाग त्या समोशांनी वाचवला. कोणीतरी माझा फोटो काढला होता, तो मी घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकला. खाली लिहिलं, 'श्रमदान'.

दुपारी मामांचा फोन आला. "जावईबापू, फोटो पाहिला. मेहनतीचं काम करताय तुम्ही लोकं."

"अहो, कसली मेहनत मामा," मी विनयाने म्हणालो.

"एक करा. तो फोटो जरा मोठा करून बघा. तुमच्या ब्रशच्या उजव्या हाताला दगडावर एक फुली दिसते का? छन्नीची?"

मी फोटो मोठा केला. फुली दिसत होती. "दिसते, मामा," मी म्हणालो. मग मामा म्हणाले, "उद्या सकाळी साडेसहाला गाडी घेऊन या. नाश्ता करून येऊ नका, वाटेत करू." फोन ठेवल्यावर मी बायकोला सगळं सांगितलं. ती पूर्वी एकदोनदा मामा-मामींबरोबर त्या दगडावर जाऊन आली होती. ती उठून दुसऱ्या खोलीत गेली आणि संध्याकाळपर्यंत बाहेर आली नाही.

दुसऱ्या दिवशी मानपूरला मामांनी पोहे खाल्ले, मला खायला लावले, आणि रस्त्यात कुठे जुना मैलाचा दगड होता आणि नव्या हायवेने घाटाची कशी वाट लावली ते सांगितलं. ते रागावले असते तर मला बरं वाटलं असतं. दगडापाशी पोचल्यावर ते खाली बसले. टोपी काढली. फुलीकडची सगळी कड मी खरवडून काढली होती, नेमकी तीच, जी तीस-बत्तीस वर्षं फुलीकडे सरकत होती. काळा दगड उघडा पडला होता आणि त्याला अजून थिनरचा वास येत होता. मामांनी त्या उघड्या जागेवरून बोट फिरवलं, एकदा इकडून, एकदा तिकडून. मी म्हणालो, "मामा, मला माहीत नव्हतं." मामा म्हणाले, "माहीत कसं असणार? तुम्ही आलात कुठे कधी?" एवढंच. त्यांच्या आयुष्यातलं माझ्याबद्दलचं हे एकमेव कठोर वाक्य, आणि तेसुद्धा त्यांनी अगदी साध्या आवाजात, बसची वेळ सांगावी तसं सांगितलं.

मग त्यांनी खिशातून कर्कटक काढलं. आकडा चिठ्ठीवर लिहिला, चिठ्ठी दुमडून मुठीत धरली आणि कर्कटक माझ्या हातात दिलं. मी माप घेतलं आणि म्हणालो, "अडतीस." नियमाप्रमाणे लिहायला हवं होतं, पण तोंडून निघून गेलं. मामांनी पट्टीकडे पाहिलं नाही, माझ्याकडे पाहिलं. "परत घ्या."

"मामा, साडेअडतीस असेल फार तर..."

"जावईबापू, वाईट वाटतंय ते तुमचं तुमच्याजवळ ठेवा. पट्टीवर नका टाकू. परत घ्या."

मी गुडघे टेकून बसलो. चष्मा पुसला. कर्कटकाचं एक टोक फुलीच्या मधोमध ठेवलं, दुसरं जिथे ठिपका खरोखर सुरू होत होता तिथे, मला हवं होतं तिथे नाही. पट्टीवर धरलं आणि लिहिलं. एक्केचाळीस. मामांनी मूठ उघडली. एक्केचाळीस. "जुळलं," ते म्हणाले, आणि त्यांचा चेहरा असा खुलला की जणू काही बिघडलंच नव्हतं. "या वर्षाचं माप हेच धरू." वहीत त्यांनी पहिल्या रकान्यात सही केली आणि वही मला दिली. वरच्या चार कोऱ्या जागा मी पाहिल्या आणि पाचवीत सही केली. शेऱ्याच्या जागी माझं नाव लिहा, जावयाने घासला असं स्पष्ट लिहा, असं मी म्हणालो. माझी ती शिक्षा होती आणि मला ती हवी होती. मामांनी लिहिलं, 'घरच्या माणसाकडून घासला गेला.' मग पेनाचं टोपण लावत ते हिशोब करू लागले. "एक्केचाळीस, वर्षाला अर्धा. ब्याऐंशी वर्षं. चला, एक बरं झालं. आतापर्यंत मला उगाच वाटायचं की आपण पोचू. आता ती धाकधूक गेली. आता नुसतं माप घ्यायचं." आणि ते उठले, मला हाताला धरून उठवलं. चढ चढताना मी मागे राहिलो, कारण मला रडू येत होतं आणि ते त्यांनी पाहू नये असं वाटत होतं.

या वर्षीच्या रंगपंचमीला मी सकाळी सहालाच परदेशीपुऱ्यात हजर होतो, बायकोही बरोबर होती. मामांचे गुडघे आता पार गेलेत. तरी पांढरा शर्ट घालून ते आधीच बाहेर खुर्ची टाकून बसले होते. घाटात पोचल्यावर मात्र त्यांनी खाली जाणाऱ्या पायवाटेकडे पाहिलं, काठी टेकून दोन पावलं टाकली आणि थांबले. हा माणूस कशापुढे थांबलेला मी पहिल्यांदाच पाहिला. ते रस्त्याच्या कठड्यावर बसले आणि कर्कटक माझ्याकडे, पट्टी माझ्या बायकोकडे दिली. "तुम्ही दोघं जा. आधी तिला घेऊ द्या. तुम्ही पाठ फिरवा."

आम्ही उतरलो. बायकोने माप घेतलं, चिठ्ठी लिहिली. मग मी घेतलं. दोघांचंही एक्केचाळीसच. मी वर ओरडलो, "मामा, जुळलं! एक्केचाळीस!" जुना रस्ता असल्यामुळे गाड्यांचा आवाज नव्हता, हाक वरपर्यंत पोचली. मग मामांचा आवाज आला, "काहीच हलला नाही?"

"नाही, मामा."

आणि मग त्यांनी विचारलं, "बरं आहे ना त्याला?"

इतक्या वर्षांच्या वहीत यासाठी रकाना नव्हता. बायकोने पिशवीतून पाण्याची बाटली काढली, ओंजळीत थोडं पाणी घेतलं आणि बोटांनी त्या ठिपक्यावर शिंपडलं. "जिवंत असला तर पाण्याने आतलं शेवाळ दिसायला लागतं," ती म्हणाली. "मामीने दाखवलं होतं मला." आम्ही दोघं डोकं जवळ नेऊन बघत राहिलो. सुरुवातीला तो नुसताच ओला दिसला. मग मधल्या भागात राखाडीखालून कोवळा हिरवा रंग वर आला, आणि सावकाश कडेकडे पसरत मी घासलेल्या रेषेपर्यंत येऊन पोचला. मी किती आनंदलो ते मला इथे नीट लिहिता येणार नाही. मी बोंब मारल्यासारखा ओरडलो, "हिरवा झाला, मामा! पार घासलेल्या कडेपर्यंत हिरवा झालाय!"

कठड्याशी मामा काठीवर भार टाकून उभे राहिले होते. त्यांनी एक हात सरळ वर केला. दूरवर उभा असलेला सर्व्हेचा माणूस आकडा ऐकू आला, पोचला, हे सांगायला असाच हात वर करतो, असं बायको म्हणाली. समोरच्याने तो पाहिला की हात खाली घ्यायचा असतो. आम्ही पाहिला होता. मीही हात वर करून दाखवला. वही आणि बाटली आवरून आम्ही चढायला लागलो, निम्मी वाट चढून आलो, तरी मामांचा हात वरच होता.